शेवयांचा पाट आणि नूडल्सची कढई

पत्ताकोबी, गाजर आणि सिमला मिरची उभी, पातळ चिरायची, लसूण ठेचायचा, लोखंडी कढई कडकडीत तापवायची, भाज्या मोठ्या आचेवर परतायच्या आणि उकडून निथळलेल्या नूडल्स त्यात घालून सराट्याने चारदोन वेळा वरखाली करायच्या. चिखलदऱ्याच्या डोंगरावरच्या घरापासून अकोल्यातल्या सदनिकेपर्यंत हा पदार्थ आज सर्रास होतो. तो कोणी कोणाला शिकवावा लागत नाही. कॉलेजात शिकणारी मुले खोलीवर तो करतात, नोकरीवरून परतलेल्या बायका करतात, आणि ज्यांनी आयुष्यात कधी कणीक मळली नाही असे पुरुषही करतात. तरीही मराठी खाद्यसंस्कृतीवरच्या लेखनात त्याला जागा नाही. पुरणपोळीवर, ठेच्यावर, वऱ्हाडातल्या रोडग्यांवर आपण आत्मीयतेने लिहितो. नूडल्सचा उल्लेख मात्र आला तर तक्रारीच्या सुरात येतो. पुरणपोळीला परंपरा आहे आणि नूडल्स म्हणजे कालपरवाचे आक्रमण, हे त्यामागचे गृहीत.

हे गृहीत आम्हाला तपासून पाहावेसे वाटते. नूडल्सचा कैवार घेण्याचे काही कारण नाही. पण 'झटपट' या विशेषणाखाली आपण जे काही दडवतो, त्यात वऱ्हाडातल्या बायकांच्या कष्टांचा एक मोठा इतिहास दडपला जातो, असे आमचे मत झाले आहे. पिठाची तार काढून, वाळवून, ठेवून देणे आणि वेळेला चटकन शिजवणे ही कल्पना आपल्याकडे पाकिटातून आलेली नाही. ती आपल्या घरात होतीच. बदलले ते एवढेच, की तो वेळ आधी कोणी खर्च करून ठेवायचा.

प्रथम या तारेच्या वयाविषयी. चीनमध्ये पीत नदीच्या वरच्या खोऱ्यात लाजिया नावाचे एक पुरातन वसतिस्थान आहे. तेथील उत्खननात पालथे पडलेले एक मातीचे भांडे सापडले आणि त्याखाली सुमारे चार हजार वर्षांपूर्वीच्या नूडल्स. २००५ साली हा शोध 'नेचर' या नियतकालिकात प्रसिद्ध झाला. त्या गव्हाच्या नव्हत्या; राळे आणि त्याच्या जातीच्या भरड धान्यांच्या होत्या, असा निष्कर्ष संशोधकांनी काढला. चिकटपणा नसलेल्या धान्याची इतकी लांब तार निघेल कशी, असा आक्षेप पुढे घेतला गेला आणि त्यावर वादही झाला. दुसरीकडे, मार्को पोलोने चीनमधून शेवयांचा प्रकार इटलीत नेला ही कथा आपण शाळेपासून ऐकतो. ती खरी नाही. अल् इद्रिसी या अरब भूगोलकाराने ११५४ साली सिसिलीतल्या त्राबिया गावाचे वर्णन करताना तेथे 'इत्रिया' नावाच्या पिठाच्या तारा मोठ्या प्रमाणावर बनतात आणि जहाजांतून दूरदूर जातात, असे लिहून ठेवले आहे. मार्को पोलोचा जन्म त्यानंतर शंभर वर्षांनी, १२५४ चा.

आपल्याकडे सोळाव्या शतकातल्या 'भावप्रकाश' या वैद्यकग्रंथात 'सेविका' येते. गव्हाच्या पिठाच्या बारीक वळ्या करून त्या वाळवायच्या आणि दुधात शिजवायच्या, अशी ती कृती. आपल्या शेवयांचे नाव त्या शब्दाशी जुळते आणि रूप मराठी घरांतल्या वळवटाशी. गव्हले, मालत्या, नखुले, बोटवे ही बोटांच्या पेरांवर घडणारी सगळी मंडळी त्याच घराण्यातली. लग्नघरात पहिला मुहूर्त गव्हला-कासाराचा असे. सुवासिनींनी बसून पहिले गव्हले वळायचे आणि मगच कार्याला आरंभ. रुखवतात वळवटाची ताटे मांडली जात ती शोभेसाठी, हे खरे. पण ती नव्या नवरीच्या हाताची, तिच्या चिकाटीची जाहीर परीक्षाही होती. विदर्भात आंब्याच्या दिवसांत रसाबरोबर वाढले जाणारे सरगुंडेही याच कुळातले: कणकेची बारीक दोरी काडीवर गुंडाळायची, काडी अलगद काढून घ्यायची, वाळवायचे आणि पाहुणे आले की उकडायचे. इटलीतल्या एखाद्या गृहिणीने ते पाहिले असते तर तिला त्यात काही परके वाटले नसते.

याला कारण गहू. महाराष्ट्राच्या कोरडवाहू भागात पूर्वापार पेरला जाणारा 'बन्सी' गहू कठीण जातीचा आहे. इटलीतला पास्ता याच जातीच्या, डुरम गव्हाचा होतो. त्याचा रवा पिवळसर, पाण्यात शिजून लगदा न होणारा. म्हणून शेवयांना, कुरडयांना जाणत्या बायका बन्सीच मागत. आज शेवया करायला घेणाऱ्यांनाही हे ठाऊक असते. पुस्तकात वाचून नव्हे, आईने सांगितले म्हणून.

शेवयांचे काम चैत्र-वैशाखात निघे. गहू ओलवून फडक्यात दडपून ठेवायचे, दळायचे, वस्त्रगाळ करायचे. सपीट आणि रवा यांचे प्रमाण प्रत्येक घराचे निराळे. मीठ घालून घट्ट मळायचे, मग तेलाचा हात लावून तो गोळा कुटायचा, पुन्हा मळायचा, झाकून मुरू द्यायचा. हातावरच्या शेवया असतील तर गोळ्याची लड ओढायची, दुमडायची, पुन्हा ओढायची. एका तारेच्या दोन, दोनाच्या चार, असे बारा वेळा दुमडले की ४०९६ तारा होतात. चीनमधल्या हाताने ओढलेल्या नूडल्सचे गणितही नेमके हेच आहे. पाटावरच्या शेवया असतील तर लांब पाट बाजेला टेकवून तिरपा लावायचा. एकीने वर बसून तळहाताने पीठ रगडत खाली सरकवायचे आणि दुसरीने खाली उतरणारी तार तुटू न देता झेलायची. तिसरी ती काठीवर किंवा बाजेवर पसरणार. वारा फार असेल तर तार तुटते, ढग आले तर वाळत नाही. म्हणून हे काम ज्या दिवसांत उन्हात उभे राहवत नाही, त्याच दिवसांत करायचे. एकटीला ते जमत नाही. म्हणून आज हिच्याकडे, उद्या तिच्याकडे, अशी गल्लीतल्या बायकांची पाळी लागे. पीठ घरचे, हात मात्र सगळ्यांचे.

आता या कष्टांचे फळ काय? आषाढात, श्रावणात, चूल पेटवायला लाकडे ओली असताना अवचित पाहुणा दारात उभा राहिला, तर डब्यातून मूठभर शेवया काढायच्या, उकळत्या पाण्यात घालायच्या, निथळून वर साखर किंवा गूळ, दूध आणि तुपाची धार. पाहुण्याचे पाय धुऊन होईस्तोवर ताट तयार. तिखट हवे असेल तर मोहरीची फोडणी, कांदा, हाती लागेल ती भाजी आणि भाजलेल्या शेवया, वरून सांभार. शेवयांचा उपमा म्हणून आपण जो खातो, तो भाज्या परतून केलेल्या नूडल्सचा सख्खा भाऊ आहे. फरक सोया सॉसचा आणि आचेचा. श्रावणातली ती पाच मिनिटे वैशाखातल्या चार दिवसांतून आलेली होती. शेवया म्हणजे साठवलेला वेळ. आणि तो साठवणाऱ्या बायका होत्या. घरात 'झटपट' काही होते, तेव्हा कोणीतरी ते आधी सावकाश केलेले असते.

ही तार एकाच धर्माच्या, एकाच जातीच्या घरात राहिलेली नाही. चिखलदऱ्याच्या पायथ्याचे अचलपूर म्हणजे जुने एलिचपूर, वऱ्हाडाच्या इमादशाहीची राजधानी. ही सत्ता १४९० पासून १५७४ पर्यंत टिकली. त्या गावात, अकोल्यात, बाळापुरात ईदच्या सकाळी शिरखुर्म्यासाठी ज्या केसासारख्या बारीक शेवया लागतात, त्यांची आणि अक्षय्य तृतीयेच्या शेवयांची मुळे वेगळी करून दाखवणे कोणाला जमेल असे वाटत नाही. वऱ्हाडाचा इतिहास लढायांतून सांगितला जातो: गाविलगड कोणी बांधला, १८०३ च्या डिसेंबरात आर्थर वेलस्लीने तो कसा घेतला. गडाखालच्या गावांत दोन्ही सणांसाठी एकच गहू ओलवला जात होता, हा इतिहास नोंदला जात नाही.

दुसरा धागा कोलकात्याचा. अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात तोंग आची हा चिनी व्यापारी बंगालमध्ये आला, वॉरन हेस्टिंग्जकडून त्याने हुगळीकाठी जमीन मिळवली आणि साखरेचा कारखाना काढला. त्या जागेला आजही अचिपूर म्हणतात. त्यामागून सुतार आले, चर्मकार आले, दंतवैद्य आले. दक्षिण चीनमधल्या हक्का समाजाने कोलकात्याच्या तांगरा भागात कातडी कमावण्याचे कारखाने उभारले. आज किराणा दुकानातल्या पाकिटावर 'हक्का नूडल्स' असे छापलेले असते. हक्का हे शिजवण्याच्या रीतीचे नाव नाही, माणसांचे आहे, हे ते घेणाऱ्या फार थोड्यांना ठाऊक असते. १९६२ च्या युद्धानंतर या भारतीय चिनी समाजातल्या सुमारे तीन हजार लोकांना राजस्थानातल्या देवळी येथील छावणीत नेऊन ठेवण्यात आले. त्यांत म्हातारे होते, मुले होती, भारतातच जन्मलेली माणसे होती. काहींची सुटका व्हायला वर्षे लागली. पुष्कळांनी पुढे देश सोडला. जे राहिले त्यांतल्या अनेकांना पोटासाठी हाताशी असलेला मार्ग म्हणजे खानावळ.

कोलकात्याहून मुंबईस आलेल्या नेल्सन वाँग यांनी १९७५ साली क्रिकेट क्लब ऑफ इंडियात 'मांचुरियन' हा पदार्थ जन्माला घातला, तो चीनमध्ये कोणाला ओळखता आला नसता. आले, लसूण, हिरवी मिरची हा आपला पाया आणि वर सोया सॉस, मक्याचे पीठ. ती फोडणीच होती, भाषा तेवढी दुसरी. या दुसऱ्या भाषेने नंतर महाराष्ट्र जिंकला. लाल अक्षरांच्या 'चायनीज'च्या गाड्या मुंबईतून जिल्ह्याच्या गावी आल्या, तेथून अमरावतीला, परतवाड्याला. त्या गाड्यांवरच्या मोठ्या आचेचा आवाज आणि वास घरी नेण्याची हौस म्हणजेच आजची घरची परतलेली नूडल्स. ज्या माणसांना परके ठरवून तारेच्या कुंपणाआड ठेवले, त्यांची रीत आपल्या स्वयंपाकघरात इतकी आपली झाली. याबद्दल आपण कधी दोन शब्द बोललो नाही, हे आम्हाला खटकते.

तिसरा धागा पाकिटाचा. १९५८ साली जपानमध्ये मोमोफुकू आंदो यांनी शिजवलेल्या नूडल्स तेलात तळून वाळवण्याची युक्ती काढली. तळताना आतले पाणी उडून जाते, सूक्ष्म छिद्रे उरतात आणि गरम पाणी पडले की तार पुन्हा मऊ होते. युद्धानंतरच्या जपानमधली भूक आणि अन्नासाठी लागणाऱ्या रांगा त्यांनी पाहिलेल्या होत्या. भारतात १९८३ साली 'मॅगी' आली ती मात्र भुकेच्या नव्हे, वेळेच्या भाषेत बोलत आली. 'दोन मिनिटे' हे तिचे ब्रीद. आमची पिढी साधारण तिच्याबरोबरच जन्मली, तिच्याबरोबरच वाढली. जाहिरातीत आई असे आणि भुकेली मुले असत. पाकिटाने वेळ वाचवला, पण कढईसमोर उभे राहणारे माणूस बदलले नाही. २०१५ च्या जूनमध्ये शिसे आणि वेष्टनावरचा मजकूर या कारणांवरून अन्न सुरक्षा प्राधिकरणाने तिच्यावर बंदी घातली, ऑगस्टमध्ये मुंबई उच्च न्यायालयाने ती रद्द ठरवली आणि नोव्हेंबरात पाकिटे दुकानात परतली. त्या पाच महिन्यांत लोकांना जे चुकल्यासारखे वाटले, त्यावरून एवढे निश्चित कळले की परके अन्न म्हणून तिची गणना करण्याचे दिवस संपले होते.

हे तीनही धागे चिखलदऱ्यात एकत्र येतात, ते तेथल्या भूगोलामुळे. सातपुड्यातल्या गाविलगडच्या डोंगरात सुमारे ११०० मीटर उंचीवरचे हे ठिकाण १८२३ साली हैदराबाद कंटिंजंटच्या कॅप्टन रॉबिन्सन याने इंग्रजांच्या नजरेस आणले. १८५३ च्या तहाने वऱ्हाडचा कारभार कंपनीकडे गेला आणि उन्हाळ्यात साहेबांनी डोंगरावर जाण्याची प्रथा पक्की झाली. त्यांनी येथे कॉफी लावली. ती अजून आहे. अशा थंड हवेच्या ठिकाणांनीच कोबी, गाजर, फुलकोबी यांना देशभर ओळख मिळवून दिली. कोबी युरोपातला. ढोबळी मिरची मूळची अमेरिका खंडातली. पण विदर्भात आपण तिला सिमला मिरची म्हणतो. एका डोंगरावरच्या साहेबी गावाचे नाव एका भाजीला चिकटले आणि दुसऱ्या डोंगरावरच्या गावात ती रोजची झाली. तेव्हा या कढईत 'देशी' काय आणि 'विदेशी' काय हे ठरवायला बसलो, तर नूडल्सआधी भाज्याच बाहेर काढाव्या लागतील.

डोंगराने कृतीतही आपला हात घातला आहे. या उंचीवर पाणी १०० ऐवजी सुमारे ९६ अंशांवर उकळते. म्हणून पाकिटावर लिहिलेली दोन मिनिटे येथे पुरत नाहीत. थोडा दम धरावा लागतो. नूडल्स उकडताना भरपूर पाणी, मीठ आणि थेंबभर तेल. तार दाताखाली किंचित कच्ची लागते तोच उतरवायची, निथळायची, गार पाण्याचा हबका द्यायचा. घरच्या शेगडीची आच गाडीवरच्या भट्टीइतकी नसते, म्हणून कढई एका वेळी निम्मीच भरायची. जास्त भरली की भाजी परतत नाही, वाफेवर शिजते आणि पाणी सोडते. आधी लसूण, मग गाजर, मग सिमला मिरची, पत्ताकोबी सर्वांत शेवटी. सोया सॉस कढईच्या कडेने सोडायचा म्हणजे तापलेल्या लोखंडावर तो चरचरतो. बन्सीच्या जाडसर शेवया घरात असतील तर त्याच उकडून घालून पाहाव्यात. त्या लगदा होत नाहीत. ज्या गव्हावर इटली उभी आहे, त्याच गव्हाच्या त्या आहेत.

भाजी इतकी बारीक चिरायची ती का? चीनमध्ये सरपण दुर्मीळ, म्हणून चिरण्यात वेळ घालवून आच वाचवायची, असे याचे कारण सांगितले जाते. मेळघाटात हे कारण समजावून सांगावे लागत नाही. तेथे आच म्हणजे जंगलातून डोक्यावर आणलेली मोळी आणि ती आणणारी बहुधा कोरकू बाई. १९७४ साली मेळघाट व्याघ्र प्रकल्प जाहीर झाला आणि जंगलात कोणी केव्हा जायचे, याचे नियम आले. कोरकूंच्या ताटात नूडल्सची कुळकथा नव्हती. कुटकी होती, ज्वारी-मका होता, मोह होता. कुटकी सडायची म्हणजे मुसळाचे काम, तेही पहाटे. लाजियाच्या त्या पालथ्या भांड्यात ज्या जातीचे भरड धान्य निघाले, तसल्या धान्यांची ही दुनिया. १९९३ साली मेळघाटातल्या बालमृत्यूंनी राज्य हादरले, तेव्हापासून कुपोषणावर अहवाल लिहिले जात आहेत; त्याच काळात मैद्याच्या तारेची पाकिटे मात्र आडगावच्या दुकानापर्यंत बिनबोभाट पोचली. येथे आम्हाला नूडल्सची बाजू घेता येत नाही. ज्या घरात दुसरे पुष्कळ अन्न आहे तेथे झटपट हा विसावा असतो. जेथे तेवढेच आहे तेथे तो अन्नाचा आभास असतो.

मग पाट परत आणावा काय? गेलेल्या पाककृतींवर हळवेपणाने लिहिणाऱ्यांचा सूर बहुधा तसाच असतो. तो आम्हाला मान्य नाही. वैशाखाच्या उन्हात पाठ भाजून घेत पाटावर वाकलेल्या बाईला कोणी विचारले असते, तर यंत्र मिळाले तर बरे, असेच तिने म्हटले असते. यंत्र आले तेव्हा तिने ते आनंदाने घेतले: आधी हाताने फिरवायचे, मग गिरणीतले विजेवर चालणारे. घरचा रवा देऊन तासाभरात शेवया घेऊन येणारी बाई परंपरा बुडवत नव्हती, स्वतःचा वेळ परत मिळवत होती. हरवले असेल तर ते चार घरच्या बायकांचे एकत्र बसणे. आणि त्याच्या भरपाईला पाकीटही पुरे पडत नाही, पाटही पुरा पडणार नाही.

मराठीत पाककृतींची पुस्तके १८७५ च्या 'सूपशास्त्रा'पासून छापली जात आहेत; १९७० च्या 'रुचिरा'ने तर वाटी-चमच्याचे माप घरोघर नेले. पदार्थ नोंदले गेले, प्रमाणे नोंदली गेली. कोणाचे किती दिवस त्यात गेले, हे माप मात्र कोणत्याच पुस्तकात नसते. वऱ्हाडातल्या कॉलेजांत आम्ही शिकवतो. आमच्या विद्यार्थिनींच्या आज्या पाटावर बसलेल्या आहेत, आया गिरणीत रवा घेऊन गेलेल्या आहेत आणि त्या स्वतः, त्यांचे भाऊही, नूडल्स परततात. भावाने कढई हाती घेणे ही या सगळ्या इतिहासातली बहुधा सर्वांत नवी गोष्ट आहे; शेवयांच्या पाटावर त्याला कोणी बसवले नव्हते आणि तोही बसला नव्हता. तीन पिढ्या एकाच तारेने जोडलेल्या आहेत आणि पहिल्या पिढीतल्या पुष्कळजणी अजून आपल्याशी बोलू शकतात. ओलवलेला गहू किती वेळ दडपायचा, तार तुटली की सासू काय म्हणे, कोणाच्या अंगणात कोणाला बोलावले जाई आणि कोणाला नाही, हे त्यांना विचारून लिहून घेण्याचे काम उरले आहे. ते आपण लवकर हाती घ्यायला हवे.